बसायला एक पायरी

साताऱ्याहून कोरेगावकडे निघालं की पाचेक किलोमीटरवर कृष्णेचा पूल येतो. एसटीतली जुनी माणसं पुलावर सवयीने हात जोडतात, एखादी आजी नातवाच्या हातून खिडकीबाहेर नाणं टाकवते, आणि गाडी कोरेगावच्या वाटेला लागते. पुलाच्या अलीकडे संगम माहुली, पलीकडे क्षेत्र माहुली. नाव एकच, नदी मधून वाहते म्हणून गावं दोन. वेण्णा पश्चिमेकडून येऊन इथे कृष्णेला मिळते. दोन्ही काठांवर काळ्या दगडाच्या पायऱ्या पाण्यात उतरतात, त्यांच्या माथ्यावर देवळं आहेत. इतिहासाची आवड असलेला पाहुणा आला की तो सरळ देवळांकडे वळतो. हा लेख त्या पायऱ्यांविषयी आहे.

काही विकत न घेता, कुणाची परवानगी न मागता, 'इथे का बसलात' या प्रश्नाला उत्तर न देता तासभर बसता येईल अशा जागा आपल्या गावांत किती आहेत? चावडीवर राजकारण असतं, पारावर पुरुष असतात, देवळात रांग असते, हॉटेलात चहा घ्यावा लागतो. घाटावर यापैकी कशाचीच अट नाही. हातात धुण्याची बादली असो, अस्थींचं गाठोडं असो किंवा काहीच नसो, पायरी सगळ्यांना सारखीच मिळते. माहुलीचा घाट मला म्हणून महत्त्वाचा वाटतो. तो तीनशे वर्षांपूर्वी बांधायला सुरुवात झालेली आणि अजून रोज वापरात असलेली सार्वजनिक संस्था आहे. फरक एवढाच की तिला कार्यालय नाही आणि सभासदत्वाची पावतीही नाही.

नदीकडे आधी पाहू. कृष्णा आणि वेण्णा दोघीही महाबळेश्वरच्या माथ्यावरच्या. क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात कृष्णा, वेण्णा, कोयना, गायत्री आणि सावित्री या पाच जणींची उगमस्थानं मानतात. कृष्णा जोर खोऱ्यातून वाईकडे उतरते, वेण्णा लिंगमळ्यावरून उडी घेऊन मेढ्याच्या वाटेने येते, आणि डोंगराच्या दोन अंगांनी निघालेल्या या बहिणी माहुलीला पुन्हा भेटतात. कोयनेला मात्र त्यासाठी कऱ्हाडपर्यंत जावं लागतं. महाबळेश्वरला वर्षाकाठी सहा हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. कोरेगावला साधारण त्याचा दहावा हिस्सा. एवढ्याशा अंतरात इतका फरक. कोरेगाव शहरातून तीळगंगा वाहते, तालुक्यातून वसना येते आणि माहुलीच्या खाली कृष्णेला मिळते, रहिमतपूरच्या बाजूला कमंडलू आहे. पण या नद्या पावसावर जगणाऱ्या. पावसाळा सरला की त्यांच्या पात्रात दगडगोटे दिसू लागतात. त्यामुळे वाहतं पाणी लागेल असं कुठलंही काम असलं, सणाचं असो की सुतकाचं, की तालुक्याची पावलं कृष्णेकडे वळतात.

ज्या मातीत पाणी इतकं मोजून मिळतं, तिथल्या माणसांना त्याची किंमत शिकवावी लागत नाही. २०१६च्या उन्हाळ्यात याच तालुक्यातल्या वेळू गावाने श्रमदान करून डोंगरउतारावर चर आणि बांध घातले आणि पहिल्या वॉटर कप स्पर्धेत पहिला क्रमांक मिळवला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गुरू कन्या राशीत गेला आणि कृष्णाकाठावर कन्यागत पर्व सुरू झालं. उन्हाळ्यात टिकाव-फावडं धरणारे हात पावसाळ्यात ओंजळ धरून पाण्यात उभे राहिले. या दोन गोष्टींत मला विरोध दिसत नाही.

आता पायऱ्या. घाटाचं काम वरवर साधं दिसतं, आणि म्हणूनच त्यातली अक्कल नजरेतून सुटते. कृष्णेचं पाणी एका पातळीवर कधीच राहत नाही. जुलैत ते देवळाच्या जोत्याला टेकतं, मार्चमध्ये पार खाली जाऊन खडकांत शिरतं. काठ कच्चा असेल तर उरतो चिखल, आणि चिखलात म्हातारं माणूस उतरू शकत नाही, गरोदर बाई उतरू शकत नाही, डोक्यावर ओझं असलेलं कोणीच उतरू शकत नाही. पायऱ्या असल्या की पाणी कुठेही असो, त्याच्या कडेला कोरडी, सपाट, पाय ठेवण्याजोगी एक पायरी असतेच. पाणी उतरेल तसा घाट लांबतो, चढेल तसा आखडतो. मध्येमध्ये रुंद टप्पे सोडलेले असतात. तिथे ओझं उतरवावं, दम खावा, कपडे वाळत घालावेत. भिंतीत कोनाडे असतात, दिवा वाऱ्याने विझू नये म्हणून. ज्याने हे आखलं, त्याने काठावर येणाऱ्या माणसाच्या गुडघ्यांचा विचार केला होता.

पूर चढताना घाटाला फारसा धोका नसतो. धोका असतो तो उतरताना. चार दिवस पाण्याखाली राहिल्यावर पायऱ्यांच्या मागचा भराव पाणी पिऊन जड होतो. नदीचं पाणी झपाट्याने खाली गेलं की भरावातल्या पाण्याला समोरून आधार उरत नाही, आणि ते दगडांना बाहेर ढकलतं. पायऱ्या फुगतात, एखादा चिरा पुढे येतो, पुढच्या वर्षी दुसरा. बिनचुन्याचा कोरडा सांधा हे पाणी झिरपून जाऊ देतो. वाईच्या ढोल्या गणपतीच्या देवळात नदीशी वागण्याची आणखी एक तऱ्हा दिसते. १७६२मध्ये गणपतराव रास्त्यांनी ते बांधलं, तेव्हा मागची भिंत माशाच्या तोंडासारखी निमुळती केली, म्हणजे पुराचा लोंढा तिच्यावर फुटून दोन्ही बाजूंनी निघून जावा. नदीला अडवायचं नाही, तिला वाट द्यायची, ही त्या काळच्या गवंड्यांची रीत होती.

घाटावरचं सगळ्यात मोठं सामुदायिक काम कोणतं, असं कुणी विचारलं तर मी नवरात्राआधीच्या धुण्याचं नाव घेईन. भाद्रपद संपत आला की साताऱ्या-कोरेगावच्या घरांमध्ये सगळं अंथरूण-पांघरूण बाहेर निघतं. घट बसायच्या आधी घरातली एकही वाकळ धुवायची राहता कामा नये. वाकळ घरच्या मोरीत धुता येत नाही. जुन्या लुगड्यांचे, धोतरांचे थरावर थर घालून, धावदोऱ्याने शिवलेली ती वस्तू. भिजली की एकट्या बाईला उचलत नाही. वॉशिंग मशीन आलं तरी वाकळ त्यात मावत नाही. म्हणून पहाटे टेम्पो, रिक्षा, मोटारसायकली भरून घरंच्या घरं घाटावर येतात. सासू, सुना, लेकी, शाळेला दांडी मारलेली पोरं.

कामाला क्रम असतो. आधी वाकळ पाण्यात सोडून पायाने तुडवायची. मग दगडावर अंथरून साबणाचा चुरा टाकायचा आणि मोगरीने बडवायची. समोरच्या काठावर कोणी बडवत असेल तर मोगरी खाली आलेली आधी दिसते आणि आवाज जरा मागून येतो, तोवर हात पुन्हा वर गेलेला असतो. मग खळबळायचं, आणि मग पिळायचं. पिळायला दोघी लागतात. दोन टोकं दोघींनी धरायची, एकीने उजवीकडे पीळ द्यायचा, दुसरीने डावीकडे, आणि मधून पाण्याची धार सुटते. पिळताना दोघींना एकमेकींच्या तोंडाकडे बघावंच लागतं. घरात महिनाभर अबोला धरलेल्या जावा-जावाही तेव्हा "अगं, धर नीट" एवढं तरी बोलतात. पिळलेली वाकळ वरच्या टप्प्यावर पसरायची. काळा दगड उन्हाने तापलेला असतो, वरून ऊन आणि खालून दगड अशा दोन्ही बाजूंनी ती वाळते.

आणि मग येतो रिकामा वेळ. वाकळ वाळायला दोन-अडीच तास तरी जातात, आणि ओली वाकळ घरी नेता येत नाही. करण्याजोगं काहीच उरत नाही. घरी असं कधी होतं? चूल झाली की भांडी, भांडी झाली की शेत, शेत झालं की जनावरं. इथे मात्र बाईला सक्तीने बसावं लागतं. पाय पाण्यात सोडून ती बसते. भाकरीचं गठुडं सुटतं, ठेचा निघतो, शेजारच्या अनोळखी घराकडे अर्धी भाकरी जाते. मग बोलणंही थांबतं. एखादी बांगड्या वर सारून मनगट चोळत राहते, एखादी मान मागे टाकून डोळे मिटते. वर्षातून कदाचित हाच एक दिवस, जेव्हा ती दिवसाउजेडी उघड्यावर डोळे मिटून बसते आणि तिला कोणी हाक मारत नाही.

या काठावर पैसा ज्यांनी ओतला ते लोक मोठे होते, पण परके नव्हते. औंधच्या पंतप्रतिनिधींचं घराणं मूळ किन्हईचं, म्हणजे कोरेगाव तालुक्यातलंच. परशुराम त्रिंबक प्रतिनिधींचे चिरंजीव श्रीपतराव यांनी शाहू छत्रपतींच्या काळात, १७३५च्या सुमारास, संगमावरचं विश्वेश्वराचं देऊळ उभं केलं. पलीकडच्या काठावरचं रामेश्वराचं देऊळ देगावच्या अनगळ सावकारांकडे जातं. राज्य साताऱ्यात होतं, राजधानीजवळचं संगमाचं ठिकाण हे होतं, त्यामुळे देवळं वाढत गेली. पण देऊळ बांधणाऱ्याने देवापुरतंच बांधून थांबायचं नाही, खाली पाण्यापर्यंत पायऱ्याही द्यायच्या, हा संकेत इथे पाळला गेला. देवळात कुणाला घ्यायचं आणि कुणाला नाही यावर शतकानुशतकं भिंती होत्या, हे विसरून घाटाचं कौतुक करता येणार नाही. पाणवठ्यांच्याही वाटण्या होत्या. अमुकांनी वर भरायचं, तमुकांनी खाली. आज त्या पायऱ्यांवर कोणीही कुठेही बसतं. त्या दगडांना मिळालेला सगळ्यात मोठा मान तो हाच, आणि तो बांधणाऱ्यांनी दिलेला नाही, नंतरच्या माणसांनी लढून मिळवलेला आहे.

अनगळांच्या नावाशी माहुलीची एक गोष्ट जोडलेली आहे. क्षेत्र माहुलीच्या प्रभुण्यांच्या घरचा एक पोर लहानपणी काही न शिकता साताऱ्याला अनगळ सावकारांकडे शागीर्द म्हणून राहिला. एकदा सावकाराच्या पायावर पाणी घालताना त्याची नजर सावकाराच्या कानातल्या मोत्यांच्या भिकबाळीवर खिळली आणि धार भलतीकडेच गेली. त्यावर त्याला टोमणा ऐकावा लागला. तो इतका झोंबला की पोराने काशी गाठली, शास्त्र शिकला आणि रामशास्त्री होऊन परतला. अशी ही आख्यायिका. पुढचं मात्र इतिहासाचं आहे. १७५१मध्ये पेशव्यांच्या चाकरीत, १७५९मध्ये न्यायाधीशपदी, आणि १७७३मध्ये नारायणरावाचा खून झाल्यावर राघोबादादाला तोंडावर दोषी ठरवून पुणं सोडणारा. त्यानंतर ते वाईजवळच्या एका खेड्यात जाऊन राहिले. पुन्हा कृष्णेच्याच मुलखात.

शास्त्रीबुवांचा आणखी एक प्रसंग इतिहासकार ग्रँट डफने नोंदवला आहे, आणि तो मला या लेखासाठी अधिक मोलाचा वाटतो. थोरले माधवराव एकदा जपाला बसले असताना रामशास्त्री कामासाठी आले, आणि पेशवे मौनात असल्यामुळे त्यांना तसंच परत जावं लागलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी काशीला जायची रजा मागितली. ब्राह्मणाने राज्य पत्करलं की त्याचा धर्म प्रजेचं गाऱ्हाणं ऐकणं हा असतो; जपच करायचा असेल तर मसनद सोडून माझ्यासोबत गंगेकाठी चला, असा त्यांचा सांगावा होता. माधवरावांनी ते मानलं. ज्याच्या दारात लोक न्यायासाठी उभे आहेत त्याने मौन धरू नये, हे नदीकाठच्या गावात वाढलेल्या माणसाने सांगावं यात मला मोठी संगती दिसते. शांत बसण्याची जागा कोणती आणि वेळ कोणती, हे त्याला लहानपणापासून ठाऊक असणार.

राजेरजवाड्यांचा बाकी इतिहास झरझर सांगून टाकतो, कारण तो इतरत्र वाचायला मिळतो. शाहू छत्रपती १५ डिसेंबर १७४९ रोजी साताऱ्यात वारले. त्यांची समाधी इथे माहुलीला आहे. त्यांच्या लाडक्या कुत्र्याची दगडी मूर्तीही इथे आहे, वाघापासून त्याने महाराजांना वाचवलं अशी कथा सांगतात. १७६१च्या डिसेंबरात ताराबाई गेल्या, त्यांचीही समाधी याच काठावर. पुराची वाळू आणि गाळ या समाध्यांवर वेळोवेळी चढत आला आहे. ऑगस्ट १८१७मध्ये दुसरा बाजीराव आणि सर जॉन माल्कम यांची भेट माहुलीतच झाली, आणि पुढच्या काही महिन्यांत पेशवाई बुडाली. ज्या घाटावर एवढं घडलं, त्याच घाटावर त्या आठवड्यातही कोणीतरी धुणं धूत असेलच, पण त्याची बखर कोणी लिहिली नाही.

संगम म्हणजे निरोपाचीही जागा. साताऱ्याच्या वर्तमानपत्रांत निधनाच्या बातमीखाली 'सावडण्याचा विधी संगम माहुली येथे' ही ओळ इतक्या वेळा छापून येते की वाचणाऱ्याला गाव न सांगताही कळतं. संगम माहुलीची कैलास स्मशानभूमी साताऱ्याने चांगली राखली आहे. झाडं आहेत, बसायला जागा आहे, आणि कोरोनाच्या काळात तिथल्या माणसांनी जे काम केलं ते शहर विसरलेलं नाही.

दहाव्याला येणारी माणसं पाहावीत. भात शिजतो, पिंड होतात, गुरुजी मंत्र म्हणतात, तोवर सगळे कुजबुजत असतात. कोण कुठून आलं, गाडी कुठे लावली, जेवणाचं काय. मग पिंड एका मोकळ्या दगडावर ठेवून माणसं मागे सरतात. आता कावळ्याने शिवायचं. तो झाडावर बसलेला असतो, खाली यायला तयार नसतो. त्या वेळची शांतता वेगळी. तीस-चाळीस माणसं एका पक्ष्याकडे टक लावून उभी. दहा मिनिटं जातात. थोरला मुलगा पुढे होतो, हात जोडतो आणि सगळ्यांसमोर मोठ्याने म्हणतो, "आबा, धाकटीचं लगीन मी लावून देतो. काळजी करू नका." आणखी थोडा वेळ. मग सून पुढे येते, "आत्यांना मी बघीन." मेलेल्या माणसाला नेमकी कशाची काळजी होती हे घरातल्या सगळ्यांना माहीत असतं, पण दहा दिवसांत कोणी त्याचा उच्चार केलेला नसतो. तो कावळ्यासमोर होतो. चार पाहुण्यांच्या, भावकीच्या साक्षीने दिलेला तो शब्द पुढे मोडणं जड जातं. कावळा खाली उतरतो, पिंडाला चोच लावतो, आणि मग सगळे एकदम बोलू लागतात. कावळा नाहीच आला तर दर्भाचा कावळा करून शिववतात. श्रद्धेचा प्रश्न बाजूला ठेवला तरी घर सावरण्यासाठी याहून चांगली सभा मी पाहिलेली नाही.

रक्षेबाबत मात्र रीत बदलते आहे. पूर्वी सगळीच नदीत जायची. आता या भागातली कित्येक घरं चिमूटभर रक्षा पाण्यात सोडतात आणि बाकीची शेताच्या बांधावर खड्ड्यात घालून त्यावर आंब्याचं किंवा नारळाचं रोप लावतात. मला हा बदल मनापासून आवडतो. नदीवरचा भार कमी होतो, आणि म्हाताऱ्याच्या नावाने झाड उभं राहतं.

सणांची कामं हलकीफुलकी. बेंदराच्या दिवशी बैल धुवायला आणायचे, शिंगं घासायची. ट्रॅक्टर आल्यापासून बैल थोडे राहिले, पण जे आहेत त्यांच्या अंगावरून हात फिरवताना मालक घाई करत नाही. हरताळकेला पोरी वाळू गोळा करतात, पिंडी थापायला. गौरी आणायला बायका पाणवठ्यावर येतात आणि परतताना मागे वळून बघत नाहीत. कार्तिकात पहाटेची अंघोळ, त्रिपुरी पौर्णिमेला दिवे. हिवाळ्यात काळ्या-पांढऱ्या धोबी पक्ष्यांची शेपटी पायऱ्यांवर वरखाली होत असते. सकाळच्या अंघोळीला येणारे त्यांच्यापासून दोन हात दूर राहून उतरतात.

दुपारी घाट पोरांचा. पोहायला शिकवणारा इथे कोणी नेमलेला नसतो. थोरला भाऊ धाकट्याला शिकवतो. पूर्वी पाठीला सुका भोपळा बांधत, आता पाच लिटरचा रिकामा डबा बांधतात. शिकवण्याची पद्धत मात्र घाटाने ठरवून दिलेली. पहिला आठवडा गुडघाभर पाण्याची पायरी, मग कमरेची, मग छातीची. प्रत्येक पायरीवर पाय टेकतो की नाही हे बघत बघत पोर खोल जातं आणि एक दिवस पाय टेकत नाही, तेव्हा त्याला पोहता येत असतं. कठड्यावर बसलेले नाना लोक अधूनमधून ओरडतात, "ए, भोवऱ्याकडं जाऊ नगं!" संगमाजवळ दोन प्रवाहांची ओढ असते आणि वरून शांत दिसणारं पाणी खाली खेचतं. ही जागा पोरांना कुठल्याही फलकापेक्षा त्या ओरडण्याने जास्त कळते.

या काठाचा दुपारचा आवाज एके काळी इंजिनाचा होता. कोरेगाव तालुक्यातल्याच सातारा रोडला धनजीशा कूपर यांनी कारखाना काढला. तिथे लोखंडी नांगर झाले आणि देशातल्या अगदी सुरुवातीच्या डिझेल इंजिनांचं कामही झालं. हेच कूपर १९३७मध्ये काही महिने मुंबई प्रांताचे पंतप्रधान होते. नदीकाठच्या मळ्यांत डिझेल इंजिनाचा एकसुरी ठेका दिवसभर चाले, आणि शेतकरी लांबूनच त्या ठेक्यावरून पाणी चढतंय की नाही ते ओळखत. पुढे विजेच्या मोटारी आल्या. आता पाइप तेवढे दिसतात, ठेका गेला.

सगळ्यात खोल बदल पाण्याच्या वागण्यात झाला. १९७०च्या दशकात वाईच्या वर धोम धरण उभं राहिलं, साडेतेरा टीएमसीचं. पुढे वेण्णेवर कण्हेर आलं, दहा टीएमसीच्या वर. संगमावर येणाऱ्या दोन्ही नद्या आता वरून बांधलेल्या आहेत. पूर्वी पाणी पंचांगाप्रमाणे उतरायचं. दिवाळीत अमुक पायरी उघडी पडली पाहिजे, शिमग्यात तमुक, असे आडाखे होते. आता एप्रिलच्या रखरखीत उन्हात धरणाचं आवर्तन सुटलं की एका रात्रीत पायऱ्या बुडतात, आणि चार दिवसांनी पुन्हा उघड्या पडतात. घाटावरचा पहिला प्रश्न म्हणूनच "पाणी सोडलंय काय?" हा असतो. धोमच्या कालव्याने कोरेगावची शेतं हिरवी केली, ऊस आणि आलं आलं. धरण नको होतं असं म्हणण्याचा करंटेपणा मी करणार नाही. पण पुराचं रूप बदललं. जुलै २०२१मध्ये महाबळेश्वरला एका दिवसात सहाशे मिलिमीटरच्या जवळ पाऊस झाला. अशा वेळी धरणं भरतात, दारं उघडावी लागतात, आणि नदी जितक्या झटक्याने चढते तितक्याच झटक्याने उतरते. मघाशी सांगितलेला, मागच्या भरावाने चिरे ढकलण्याचा प्रकार नेमका अशाच उताराला होतो.

घरोघरी नळ आले तेव्हा घाट ओस पडेल असं वाटणं साहजिक होतं. गरजेची गर्दी ओसरलीही. पाणी भरायला आता कोणी येत नाही. रोजचं धुणं घरीच होतं. पण सकाळ-संध्याकाळ पायऱ्यांवर माणसं आहेत, आणि ती बहुतेक बसायला आलेली आहेत. निवृत्त झालेले चार जण एकाच पायरीवर एकाच क्रमाने बसतात आणि अर्धा-अर्धा तास बोलत नाहीत. भाजीपाला विकून परत निघालेली मावशी रिकामी पाटी शेजारी ठेवून पाय धुते आणि लगेच उठत नाही. स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारी पोरं पुस्तक मांडीवर घेऊन येतात. किती वाचतात कोण जाणे, पण घरच्या चौकशीतून सुटका होते. नवं लग्न होऊन आलेली मुलगी देवाच्या निमित्ताने येते आणि देवापेक्षा जास्त वेळ पाण्याजवळ घालवते. तिने तिथे काय विचार केला हे तिला कोणी विचारत नाही. अशा बसण्यातून काय निष्पन्न होतं, याची नोंद कुठल्याही आमदार निधीच्या अहवालात येणार नाही. पण माणसं दुसऱ्या दिवशी पुन्हा येतात, ही नोंद पुरेशी आहे.

वापर हीच घाटाची राखण असते. रोज पाय पडतात तोवर शेवाळ धरत नाही, सांध्यात पिंपळाचं रोप उगवलं तर कोणाच्या तरी नजरेला येतं आणि बोटभर असतानाच उपटलं जातं. ज्या कोपऱ्यात माणसांचं येणं थांबलं, तिथे दोन पावसाळ्यांत झाड मूळ धरतं आणि चिरा उचलला जातो. पुरानंतरचा गाळ पूर्वी गावकीने काढायचा असे; तो सुकायच्या आत, ओला असतानाच, पाण्याने ढकलून नदीतच परत लोटायचा. सुकला की तो दगडासारखा होतो आणि मग कुदळ लागते, कुदळीने पायरीची धार उडते. हे ज्ञान म्हाताऱ्या माणसांकडे आहे. ते लिहून ठेवलेलं नाही.

पुढचं कन्यागत पर्व २०२८मध्ये आहे. तेव्हा दोन्ही काठांवर गर्दी होईल, निधी येईल, आणि घाईने कामं निघतील. त्या घाईत एक चूक नेहमी होते. निसटलेले चिरे जागच्या जागी सिमेंटने चिकटवले जातात आणि जुने कोरडे सांधेही वरून लिंपून टाकले जातात. दिसायला काम नीटनेटकं होतं, पण झिरपायची वाट बंद झाल्याने भरावातलं पाणी आत कोंडतं आणि पुढच्या मोठ्या पुरात पायऱ्यांचा अख्खा पट्टा पुढे सरकतो. गुळगुळीत लादी घातली तर शेवाळावरून म्हातारी माणसं घसरतात. काम करायचं तर चिरे क्रमांक टाकून काढावेत, मागचा भराव खडी आणि मुरुमाने पुन्हा भरावा, तेच चिरे तसेच कोरडे बसवावेत, आणि दगडाचा माथा टाकीने खडबडीत ठेवावा. खालच्या पायऱ्या उघड्या पडतात त्या फक्त उन्हाळ्यात, दोन आवर्तनांच्या मधल्या दिवसांत. पाटबंधारे खात्याने त्या तारखा दोन्ही गावांना आधी कळवल्या आणि दोन्ही ग्रामपंचायतींनी गवंडी त्या दिवसांत घाटावर आणले, तर हे काम एका उन्हाळ्यात एका काठाचं आणि दुसऱ्या उन्हाळ्यात दुसऱ्या काठाचं होऊ शकतं. वाकळा धुणाऱ्या बायकांना त्या वर्षी समोरच्या काठावर जावं लागेल, एवढीच अडचण.